पाल नव्हे

प्रत्येक वस्तीला एकेक एकविषयी माणूस वाटून दिलेला असतो. कुणाच्या वाट्याला पानिपतवाला येतो. त्याच्यासमोर तहान लागली म्हणून नुसतं 'पाणी' म्हणायचीही सोय नसते. कुणाला होमिओपथीवाला मिळतो. कुणाला १९७१ च्या वेस्ट इंडीज दौऱ्यावाला. हा दुसऱ्याच्या मुंजीत उभा राहून गावसकरच्या ७७४ धावा एकेक करून काढतो. आमच्या सोसायटीला नाना मिळाले. नानांचा विषय घोरपड.

बोलणं घोरपडीपर्यंत न्यायला नानांना सरासरी तीन वाक्यं लागतात. मी मोजलंय. 'नाना, कांदा महागला हो,' हे आपलं पहिलं वाक्य. 'महागणारच, अवकाळीत चाळीतच सडला,' हे नानांचं. 'सडल्यावर किडे, किड्यांवर बेडूक, आणि बेडकांवर...' हे तिसरं पुरं होण्याआधीच कांदाचाळीच्या फटीतून घोरपडीचं तोंड बाहेर आलेलं असतं. मागं बी विंगमधले आजोबा गेले तेव्हा स्मशानात कुणीतरी हळूच म्हणालं, 'लाकडं ओली दिसतात.' नाना तेवढ्याच हळू म्हणाले, 'ओलीचं राहू द्या. त्या ओंडक्याला ढोली आहे, आत कुणी नाही ना बघा आधी.' आणि दोघांनी वाकून खरंच बघितलं.

नानांचा पहिला दंडक असा, की घोरपडीला पाल म्हणायचं नाही. त्यांच्या दिवाणखान्यात देवादिकांच्या वरच्या ओळीत घोरपडीचा एक मोठा फोटो आहे. एकदा पार्सल द्यायला आलेला पोरगा सही घेता घेता म्हणाला, 'बाप रे, केवढी पाल!' तो वीस मिनिटांनी सुटला. त्या वीस मिनिटांत त्याला कळलं की नात्यानं घोरपड पालीपेक्षा सापाला जवळची. की तिची जीभ सापासारखीच दुभंगलेली असते, आणि डाव्या टोकाला वास जास्त लागला की उजव्या, यावरून ती भक्ष्याची दिशा ठरवते. की पालीच्या पापण्या मिटत नाहीत आणि घोरपडीच्या मिटतात. पोराच्याही मिटत आल्या होत्या. 'पाल!' तो गेल्यावर नाना कितीतरी वेळ स्वतःशीच म्हणत होते. 'आडनावबंधूसुद्धा नाही ती तिची.'

नानांचा दिवस गच्चीवर सुरू होतो. टाकीच्या पूर्वेला त्यांची खुर्ची असते. ऊन आलं की सदरा काढायचा, पाठ द्यायची आणि गप्प बसायचं. या वेळात त्यांच्याशी बोलून उपयोग नसतो. कुणी भेटायला आलं तर काकू दारातूनच सांगतात, 'अजून तापले नाहीत. नऊला या.' घोरपडही सकाळी बिळातून निघाली की आधी उन्हात अंग शेकते आणि मग कामाला लागते. नानांनी ही सवय तिच्याकडून उचलली की सवय होतीच आणि घोरपड मागाहून सापडली, यावर आमच्यात दोन तट आहेत. जिना चढतानाही तसंच. लिफ्ट बंद असली की नाना प्रत्येक मजल्यावर थांबतात, कठड्याला धरतात आणि आपल्यालाही थांबवतात. 'सरडा पळतो तेव्हा अंग डावी-उजवीकडं वळवत पळतो. त्यात छातीचा भाता अडतो, म्हणून त्याला एकतर पळता येतं नाहीतर धड श्वास घेता येतो. घोरपड काय करते? गळा फुगवून हवा पंपासारखी आत ढकलते. १९९९ साली सिद्ध झालं हे.' मग दम घेऊन म्हणतात, 'आपण सरडे.'

हे वेड त्यांना लागलं नोकरीत. नाना कालवा निरीक्षक होते. सायकलीवरून कालव्याच्या भरावानं हिंडायचं, पाणी कुठं झिरपतं ते बघायचं, कोण चोरून मोटर टाकतो ते बघायचं आणि भरावात पडलेल्या भोकांची नोंद ठेवायची. नोंदवहीत एक रकाना होता : 'कारण'. नानांच्या आधीच्या माणसानं अकरा वर्षं त्या रकान्यात 'घूस' हा एकच शब्द लिहिला होता. खाली 'ऐजन' आणि त्याखाली आणखी 'ऐजन'. नाना त्या 'ऐजन'पाशी अडले. रकाना आहे तर तो खरा भरला पाहिजे, असं मानणाऱ्या पिढीतले ते. पहिल्याच महिन्यात ते एका भोकासमोर डबा घेऊन बसले आणि दुपारी दीडच्या सुमारास आतून जे बाहेर आलं ते घूस नव्हतं.

पुढं नाना भोकाच्या तोंडावरून मालक ओळखू लागले. खेकड्याच्या बिळाशी चिखलाच्या गोळ्या असतात. घोरपडीच्या वाटेवर नखांच्या दोन रांगा आणि मधोमध शेपूट फरफटल्याची रेघ असते. नाना म्हणतात, 'सरळ रेघ. आमच्या ओव्हरसियरला तशी मारता येत नव्हती.' ती काय खाते हे त्यांनी तिच्या मागं मागं हिंडून लिहून ठेवलंय. आपल्याला वाटतं, पावणेदोन मीटरपर्यंत वाढणारं धूड, म्हणजे रोज कोंबडी तरी लागत असेल. त्या पावणेदोन मीटरांत एक मीटर नुसती शेपूट असते आणि पोट भरतं बरंचसं भुंगेऱ्यांवर! वाळकं शेण नखानं उलटं करायचं आणि खालचे शेणकिडे टिपायचे. मग अळ्या, गोगलगाई, खेकडे, बेडूक, विंचू; जमलंच तर उंदीर, पाखरांची अंडी, मेलेलं ढोर. नाना त्या यादीकडं आदरानं बघतात. 'ताटात काय पडलं म्हणून कुरकुर नाही,' असं ते एकदा म्हणाले आणि काकूंनी नुसतं त्यांच्याकडं बघितलं. आदल्याच दिवशी त्यांनी दुधीची भाजी परत पाठवली होती.

कालव्यावरची एक गोष्ट नाना फारशी सांगत नाहीत. मादी पावसाळ्यात अंडी घालायला भोक खणते, वीसेक अंडी घालते, भोक मातीनं बुजवून वरची माती तोंडानं दाबते. एवढ्यावर तिचं समाधान होत नाही. ती आजूबाजूला आणखी दोन-चार खोटी बिळं उकरून ठेवते, येणाऱ्यानं फसावं म्हणून. नानांना हे तेव्हा ठाऊक नव्हतं. त्यांनी एके ठिकाणी सहा खड्डे मोजले आणि 'कारण' रकान्यात सहाही वेळा इमानेइतबारे 'घोरपड' लिहिलं. 'ऐजन' नाही, पूर्ण शब्द. साहेबांनी खूश होऊन शेरा मारला आणि आठवड्यात माणसं आली. सहाही खड्डे ओल्या चिकणमातीनं भरून धुम्मसनं ठोकले. 'रकाना बरोबर भरला होता मी,' एवढंच नाना म्हणतात आणि विषय बदलतात. त्यांनी स्वतःहून विषय बदललेला मी पाहिलेला हा एकच प्रसंग.

काकूंबद्दल सांगितलं पाहिजे. घोरपडीचं शास्त्रीय प्रजातीनाम आहे 'वॅरॅनस'. मेरेम नावाच्या जर्मन पंडितानं १८२० साली ते नाव दिलं. मूळ अरबी शब्द 'वरल' किंवा 'वरन'. युरोपियनांना त्यात त्यांच्याकडचा 'इशारा देणे' हा धातू ऐकू आला आणि इंग्रजीत तिची 'मॉनिटर' झाली. हे सगळं नानांनी लग्नानंतर आठवड्याभरात, पहिल्याच पंगतीत, सासरेबुवांच्या शेजारी बसून सांगितलं. काकू वाढत होत्या. त्यांनी विचारलं, 'मग वरण वाढू का नको?' ते लग्न टिकलं ते या एका प्रश्नावर, असं माझं मत आहे. आजही नाना घोरपडीत फार खोल गेले की काकू स्वयंपाकघरातून 'वरण निवतंय' असं ओरडतात. नेमकं कुठलं निवतंय हे नानांना कळतं.

नानांच्या घरी एकाच माणसाचा उल्लेख नातलगासारखा होतो. तो म्हणजे वॉल्टर ऑफेनबर्ग. हा अमेरिकन शास्त्रज्ञ १९६९-७० च्या सुमारास बायकामुलांसकट कोमोडो बेटावर जाऊन जवळजवळ वर्षभर राहिला आणि पुढं आपल्या घोरपडीवरही त्यानं जाडजूड ग्रंथ लिहिला. त्याची झेरॉक्स नानांकडं स्पायरल बांधून आहे. पोथी ठेवावी तशी फडक्यात असते. 'आमचा ऑफेनबर्ग बायकामुलांना घेऊन गेला होता, तीन-तीन मीटरच्या घोरपडींत!' नाना छाती काढून सांगतात. 'तिला विचारलं होतं का त्यानं?' काकूंचा दरवेळचा प्रश्न. ऑफेनबर्गच्या ग्रंथात याचं उत्तर नसावं. नाना दरवेळी चष्मा पुसतात.

एकदा मात्र काकूंनी स्वतःहून कोमोडोत रस घेतला. २००६ साली इंग्लंडमधल्या चेस्टरच्या प्राणिसंग्रहालयात फ्लोरा नावाच्या कोमोडो मादीनं नराशी गाठ न पडताच पिल्लं निपजणारी अंडी घातल्याचं जाहीर झालं. नानांनी बातमी मोठ्यानं वाचून दाखवली. काकू मटार सोलत होत्या. 'म्हणजे त्यांचं काही अडलं नाही,' त्या म्हणाल्या आणि पुढची शेंग घेतली.

सोसायटीच्या व्हॉट्सॅप गटावर नानांचा दरारा आहे. महिन्यातून एकदा तरी कुणीतरी कुठल्यातरी घोरपडीचा फोटो टाकतं : 'सावधान! अमुक घाटात कोमोडो ड्रॅगन आढळला!' खाली हात जोडलेली सात चित्रं. मग नाना 'टायपिंग' दिसू लागतात. ते पाऊण तास टायपिंग दिसतात. लोक जेवून येतात तरी दिसतात. मग उत्तर पडतं. कोमोडो इंडोनेशियाच्या कोमोडो, रिंचा, फ्लोरेस अशा मोजक्या बेटांखेरीज जगात कुठंही मोकळा सापडत नाही. तो पोहत वरंधा घाटात यायचा तर त्याला आधी हिंदी महासागर ओलांडावा लागेल आणि मग महाडला उतरून बस बदलावी लागेल. घोरपडीच्या कुळात ८० च्या आसपास जाती. भारतात चार : आपली नेहमीची; सुंदरबन, भितरकनिका आणि अंदमानातली पाणघोरपड; गंगा-ब्रह्मपुत्रेच्या पाणथळीतली पिवळी; राजस्थान-कच्छकडची वाळवंटी. महाराष्ट्रात एकच. 'तेव्हा फोटोतली ती तीच आहे,' हे शेवटचं वाक्य नाना कायम ठळक अक्षरांत टाकतात. दुसऱ्या दिवशी तोच फोटो डी विंगमधून पुन्हा येतो.

जातींचं वर्णन करायला लागले की नानांना आवरत नाही. कोमोडो सत्तर किलोंच्या घरात, तर ऑस्ट्रेलियात २०१४ साली सापडलेली एक इवली घोरपड जेमतेम सोळा ग्रॅमची, म्हणजे उडदाच्या एका पापडाएवढी. तिथलीच एक ठिपक्यांची घोरपड स्क्रूसारखं वळत वळत जवळजवळ चार मीटर खोल खणते आणि तळाशी अंडी घालते. 'चार मीटर!' नाना म्हणतात. 'विनानिविदा.' लग्नाच्या पंगतीत नाना शेजारी येऊ नयेत म्हणून लोक पळापळ करतात, कारण जिलबीच्या दुसऱ्या फेरीला ते ठरल्याप्रमाणे सांगतात की कोमोडो एका बैठकीत स्वतःच्या वजनाच्या ८० टक्क्यांपर्यंत खाऊ शकतो. हे सांगताना ते समोरच्याच्या पोटाकडं बघतात. मुद्दाम नव्हे, हिशेब करत असतात.

फिलिपिन्सच्या लुझॉन बेटावर फळं खाणाऱ्या घोरपडी आहेत, हे त्यांनी सोसायटीच्या अन्नकोटात सांगितलं तेव्हा मात्र त्यांना एकदम श्रोते मिळाले. 'शाकाहारी?' ए विंगमधल्या भाभींनी टाळी वाजवली. केवड्याच्या जातीच्या झाडांची फळं खाते म्हटल्यावर दोघींनी हात जोडले. नानांना खोटं चालत नाही. 'फळांबरोबर गोगलगाईही खाते,' ते म्हणाले. भाभींनी हात खाली घेतले. त्यातली एक जात, दोन मीटर लांब, झाडावर राहणारी, अंगावर सोनेरी ठिपके. ती शास्त्राच्या दप्तरात दाखल झाली थेट २०१० साली. 'तिथले लोक कधीपासून शिजवून खात होते,' नाना म्हणाले. 'शास्त्रज्ञांना कुणी जेवायला बोलावलं नाही, म्हणून उशीर झाला.'

नाना परदेशी एकदाच गेले. ज्येष्ठांची सहल, बँकॉक, पाच दिवस. बाकीचे मरकतबुद्ध, तरंगता बाजार वगैरे करत होते तेव्हा नाना लुम्फिनी बागेतल्या तळ्याकाठी बाकावर बसले होते. तिथं भर शहरात, बँकांच्या मनोऱ्यांच्या सावलीत, माणसापेक्षा लांब पाणघोरपडी गवतावरून फिरतात. इतक्या माजल्या होत्या की २०१६ साली शंभरेक उचलून दुसरीकडं न्याव्या लागल्या. नानांना तिथलं स्थानिक नाव हवं होतं. एका माळ्यानं इकडंतिकडं बघत, तोंडाशी हात धरून ते सांगितलं : 'हिया.' तो एवढा का लाजला हे नानांच्या ध्यानात आलं नाही. थायी भाषेत ही भलतीच जहाल शिवी आहे. संध्याकाळी सहलीची बस बागेपाशी आली तेव्हा आमचे नाना, पांढरी टोपी, गळ्यात ओळखपत्र, काठावर उभं राहून, एका इभ्रतदार थायी कुटुंबाच्या दिशेनं बोट करून 'हिया! हिया!' असं आनंदानं ओरडत होते. घोरपड त्या कुटुंबाच्या मागं होती. हे पोलिसाला पटवायला गाईडला अर्धा तास लागला.

शाळेतलं व्याख्यान हा नानांच्या आयुष्यातला दुसरा पराभव. माघ वद्य नवमीला तानाजीच्या पुण्यतिथीचा कार्यक्रम होता. कुण्या बाईंना वाटलं, इतिहासाबरोबर थोडं विज्ञानही होऊ दे. नानांनी आधी मुलांना वर्गातल्या मॉनिटरवरून हसवलं. मग तानाजीचे मावळे यशवंती घोरपडीला बांधलेल्या दोरावरून गड चढले, ती गोष्ट घेतली. घोरपडीचं वजन फार तर सहा-सात किलो. ती कपारीत शिरून अंग फुगवते आणि नखं रोवते, तेव्हा तिला ओढून काढणं अवघड, हे खरं. पण दोराला लटकलेल्या हत्यारबंद मावळ्याचं वजन? तो दोर तिला बांधला तर ती कपारीकडंच जाईल याची हमी कुणी दिली? ४ फेब्रुवारी १६७० च्या त्या रात्रीबद्दल सभासदाची बखर घोरपडीचं नाव घेत नाही. यशवंती येते ती शाहीर तुळशीदासाच्या पोवाड्यात. 'आणि मुख्य म्हणजे,' नानांनी आवाज चढवला, 'रात्र होती! घोरपड रात्री बाहेर पडत नाही! झोपते!' सभागृह सुन्न झालं. बाईंच्या डोळ्यांत पाणी होतं. तेवढ्यात तिसरीतल्या एका चिमुरडीनं हात वर केला. 'आजोबा, मग तिला झोपेतून उठवलं का?' नाना थांबले. 'आणि लढाई झाल्यावर तिचा दोर सोडला का कुणी?'

घरी येईपर्यंत नाना बोलले नाहीत. रात्री अकराला त्यांनी मला फोन केला. 'त्या पोरीचं बरोबर आहे,' ते म्हणाले. 'पोवाड्यात कुठं दोर सोडल्याचं नाही.'

आता चेअरमनसाहेबांविषयी. त्यांचं हार्डवेअरचं दुकान. गल्ल्यात, शेंदरात बुडवलेलं, चांदीच्या डबीत एक मूळ ठेवलेलं : हत्थाजोडी. दोन हात जोडल्यासारखा आकार. विंध्यातल्या दुर्मीळ वनस्पतीचं, ग्रहणात उपटलेलं, लक्ष्मी खेचून आणतं. अकरा हजारांना घेतलं होतं. गणपतीच्या बैठकीत, सगळ्या समितीसमोर, बायकांसमोर, त्यांनी ती डबी उघडून दाखवली. नानांनी चष्मा वर केला. डबी हातात न घेताच परत खाली ठेवायला सांगितली.

'हे मूळ नाही,' नाना म्हणाले.

'मग?'

नाना घुटमळले. एकदा बायकांकडं बघितलं. पण रकाना समोर आला होता. 'नर घोरपडीचं,' ते म्हणाले, 'जननेंद्रिय आहे. त्याला जोडीनं असतं. वाळवून, रंगवून विकतात. २०१७ साली उघडकीला आलंय. घोरपड वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे. तीन ते सात वर्षं.'

चेअरमनसाहेब रोज दुकान उघडताना त्याला नमस्कार करत. डोळ्याला लावत. हे सगळ्यांना माहीत होतं. बैठकीत इतकी शांतता झाली की बाहेर वॉचमनच्या मोबाईलवर चाललेलं भोजपुरी गाणं शब्दन् शब्द ऐकू आलं. त्या दिवसापासून चेअरमनसाहेबांचा आणि नानांचा बोलण्यापुरताच संबंध राहिला, आणि घोरपड या जातीशी साहेबांचं वैयक्तिक वैर जुळलं.

आणि म्हणून यंदाच्या जुलैत जे झालं ते सांगायचं.

आमच्या मागच्या भिंतीलगत थोडी मोकळी माती आहे. तिथं पेव्हर ब्लॉक बसवून चार गाड्यांची सोय करायची असं ठरलं होतं. एका सकाळी, पावसानं उघडीप दिली तेव्हा, वॉचमन धावत आला : 'बिसखोपरा! बिसखोपरा है उधर!' चेअरमनसाहेब पार्किंगमध्येच होते. 'घोरपड?' त्यांनी विचारलं आणि ज्या आवाजात विचारलं तो मला आवडला नाही. मी मागं जाऊन आलो. जनावर दिसलं नाही. भिंतीशी ओल्या मातीत दोन भोकं होती. एक नीट दाबून बुजवलेलं, दुसरं अर्धवट. मध्ये एक सरळ रेघ.

संध्याकाळी तातडीची बैठक लागली. ठराव : भोकं सिमेंटनं भरून घेणे, ब्लॉकचं काम लगेच सुरू करणे. कुणीतरी म्हणालं, आधी भिंतीला धोका आहे का ते बघू. आपल्याकडं भोकांचा माणूस आहे. सगळ्यांनी मनातल्या मनात घड्याळं बघितली. दोन तास गेले, असं मीही धरलं. पण नाना फक्त म्हणाले, 'उद्या लेखी देतो.'

पहाटे साडेपाचला मी फिरायला निघालो तेव्हा नाना मागच्या अंगणात उकिडवे बसलेले दिसले. जवळ काकूंचं तुळशीचं खुरपं. हात कोपरापर्यंत चिखलानं भरलेले. मला बघून ते उठले आणि 'गुडघ्याला व्यायाम,' असं म्हणाले.

दहा वाजता बैठकीत कागद आला. मी तो जपून ठेवला आहे. 'विषय : मागील भिंतीलगतच्या भोकांबाबत. सदर ठिकाणी समक्ष पाहणी केली असता एकूण ५ भोके आढळून आली. कारण : घूस. सर्व भोके जुनी व रिकामी आहेत. तथापि पावसाळ्यात बुजविल्यास भराव बसून भिंत कलण्याचा संभव नाकारता येत नाही. सबब सदर जागी कोणतेही खोदकाम वा बांधकाम पुढील मेअखेरपर्यंत तहकूब ठेवावे, ही शिफारस.' खाली सही, निवृत्त कालवा निरीक्षक, आणि कुठून शोधून आणला कोण जाणे, जुना रबरी शिक्का.

'पाच?' मी म्हणालो. नानांनी माझ्याकडं बघितलं नाही.

'पण वॉचमननं घोरपड पाहिली म्हणतो,' चेअरमनसाहेब म्हणाले.

'रात्रपाळीचा माणूस,' नाना म्हणाले. 'पेंगेत दिसली असेल. घोरपड रात्री बाहेर पडतच नाही.'

यातलं प्रत्येक वाक्य खरं होतं. वॉचमननं ती सकाळी साडेदहाला पाहिली होती एवढंच. काकू दाराशी चहाचा ट्रे घेऊन उभ्या होत्या; त्यांनी एकेक कप ठेवला, नानांसमोर ठेवताना जरा थांबल्या, आणि बशीत न सांगता दुसरं बिस्कीट ठेवलं.

पेव्हर ब्लॉकचा ठराव तहकूब झाला. रविवारी चांगलं ऊन पडलं. नाना गच्चीऐवजी खाली, मागच्या अंगणात, भिंतीकडं पाठ करून खुर्चीवर बसले होते. मी होतो, चेअरमनसाहेब टाकीचं झाकण बघायला आले होते. नऊचा सुमार. नानांच्या मागं, भिंतीच्या तळाशी, पानांत काहीतरी हललं. आधी जीभ आली, लांब, दोन टोकांची. मग निमुळतं डोकं, मग मान. मग एक पंजा उन्हात ठेवून ती थांबली.

'नाना,' चेअरमनसाहेब हळूच म्हणाले, 'तुमच्या मागं ते काय आहे हो?'

नानांनी मान वळवली. बघितलं. अगदी सावकाश मान परत सरळ केली आणि पेपरचं पान उलटलं.

'पाल.'

'एवढी?'

'पावसाळ्यात फुगतात,' नाना म्हणाले.